'गोरे गोरे' लाखेवरून उतरवताना : कामाच्या नोंदी

१२ जुलै

आत्याच्या माळ्यावरची पेटी खाली आली. आत लाखेच्या रेकॉर्ड, निम्म्याहून जास्त फुटक्या. शाबूत निघालेल्यांत एक 'समाधी'ची (१९५०) : 'गोरे गोरे ओ बांके छोरे'. आवाज लता मंगेशकर, अमीरबाई कर्नाटकी आणि कोरसचे. गीत राजेंद्र कृष्ण, संगीत सी. रामचंद्र.

आमच्या सोसायटीत ज्येष्ठांचा कट्टा आहे. दर महिन्याला एक गाणं घेऊन बसतात, सप्टेंबरची बैठक माझ्या गळ्यात पडली आहे. तेव्हा ठरवलं की याच गाण्याची वेगवेगळी ध्वनिमुद्रणं ओळीने ऐकवायची आणि त्यातलं लाखेचं मुद्रण स्वतः संगणकावर उतरवायचं. ज्यांच्याकडे अशा पेट्या पडून आहेत त्यांना उपयोग व्हावा म्हणून नोंदी ठेवतोय.

रेकॉर्डची तब्येत : काठाला नखाएवढा टवका उडालाय आणि तो पहिल्या काही चरांपर्यंत आत गेलाय. दोन्ही बाजूंना पांढरी बुरशी. लेबलवरचा नंबर घासून गेलेला. मागच्या बाजूवर कोणीतरी खिळा ओढल्यासारखा ओरखडा आहे, तिच्या वाटेला सध्या जात नाही.

हाताशी काय आहे : मिनिटाला ३३ आणि ४५ फेरे या दोनच वेगांचा टर्नटेबल, फोनो प्रीअँप (सुईकडून येणारा क्षीण आवाज वाढवणारा), लॅपटॉपला जोडायचा छोटा ऑडिओ इंटरफेस आणि ऑडॅसिटी हे आवाज संपादनाचं सॉफ्टवेअर. लाखेची रेकॉर्ड वाजते ७८वर, आणि टर्नटेबलला ७८ नाही. ती पंचाईत पुढे बघू.

१५ जुलै : धुलाई

पहिली गोष्ट, स्पिरिट लावायचं नाही. एलपीसाठी, म्हणजे नंतरच्या प्लॅस्टिकच्या रेकॉर्डसाठी, बाजारात जे फवारे मिळतात त्यांतल्या बऱ्याच फवाऱ्यांत आयसोप्रोपिल अल्कोहोल असतं आणि लाख अल्कोहोलमध्ये विरघळते. ज्यांच्या घरी सुताराने फ्रेंच पॉलिश केलंय त्यांनी हे पाहिलेलंच असतं, कारण ते पॉलिश म्हणजे स्पिरिटमध्ये विरघळवलेली लाखच. मी पेटीतल्या एका फुटक्या तुकड्यावर कापसाचा बोळा फिरवून बघितला. बोळा काळा झाला आणि चकाकी गेली. ज्यांचा विश्वास बसत नाही त्यांनी असाच तुकडा घ्यावा, अख्खी रेकॉर्ड नाही.

काय चाललं : डिस्टिल्ड पाणी, त्यात भांडी घासायच्या लिक्विडचा एकच थेंब, लहान मुलांचा मऊ ब्रश. लेबलवर प्लॅस्टिकचं झाकण दाबून धरायचं, कारण कागद भिजला की शाई सुटते. ब्रश चरांच्या दिशेने गोल फिरवायचा, आडवा नाही. नंतर नुसत्या डिस्टिल्ड पाण्याने दोनदा.

पाणी तपकिरी आलं. हा निव्वळ धुळीचा रंग नाही. जुन्या फोनोवर पोलादी पिन प्रत्येक बाजूला बदलावी लागे, कारण रेकॉर्डमध्ये लाखेबरोबर दगडाची भुकटी मिसळलेली असते आणि ती पिनला घासून चराच्या आकाराची करते. झिजलेल्या पिनेचा कीस चराच्या तळाशी बसतो, गंजतो. आपण धुतो तेव्हा ते लोखंड बाहेर येतं.

वाळायला वेळ लागला. जुलैत आमच्याकडे गॅलरीतले टॉवेल वाळत नाहीत, रेकॉर्ड कुठून वाळणार! पंख्याखाली उभी ठेवली. ऊन दाखवायचं नाही, लाख वाकते. जुना कागदी लिफाफा टाकून दिला. बुरशीचं घर तेच होतं.

१९ जुलै : सुई

हौस म्हणून एलपीच्याच सुईने एकदा वाजवून बघितली. पावसात पत्र्यावर उभं राहून कोणीतरी लांबून गातंय, असा आवाज. एलपीच्या सुईचं टोक इंचाच्या ०.७ हजारांश भागाएवढं असतं, ७८च्या चराला साधारण ३ हजारांश लागतं. बारीक सुई चराच्या भिंतींना टेकतच नाही, तळाशी कचऱ्यात घरंगळत राहते. गाणं भिंतींवर आहे.

३ हजारांशची सुई ऑनलाइन मागवली, ४,८०० रुपये. आपल्या कार्ट्रिजला (सुई ज्यात बसते त्या भागाला) तिची जोडी बसते का ते आधी बघून घ्यावं. नाहीतर कार्ट्रिजसकट घ्यावी लागते आणि मग आकडा दुपटीच्या वर जातो.

२४ जुलै

सुई आली. डबीवर ७८, आत एलपीची. भिंगाखाली धरल्यावर कळलं. दुकानदार म्हणाला, "साहेब, डबी तर बरोबर आहे ना?" परत पाठवली. पंधरवडा गेला म्हणायचा.

२७ जुलै : सुई येईपर्यंत गाण्याचा माग

हा भाग मला वाटलं होतं तासाभरात उरकेल. रविवार गेला आणि गेल्याचं वाईट वाटलं नाही.

ओळीचं पहिलं टोक हॉलिवुडात आहे. ट्वेंटिएथ सेंच्युरी फॉक्सचा 'डॉल फेस' (१९४५), त्यात कार्मेन मिरांडाचं 'चिको चिको फ्रॉम पोर्टो रिको'. नावात पोर्टो रिको आहे, पण त्या बेटाचा यात कोणी नाही. चाल जिमी मॅकह्यूची, तो बॉस्टनचा. शब्द हॅरॉल्ड ॲडमसनचे. गाणारी मिरांडा पोर्तुगालात जन्मलेली आणि ब्राझीलमध्ये वाढलेली. लंडनमध्ये हेच गाणं एडमंडो रॉसच्या रुंबा बँडने वाजवलं, आणि रॉस त्रिनिदादचा. याच सिनेमात पेरी कोमोचं 'हबा हबा' आहे, त्याच जोडीचं. महायुद्ध नुकतंच संपलेलं आणि जपानवरच्या बॉम्बफेकीचा उल्लेख एका नाचऱ्या गाण्यात हसतखेळत येतो. आज ते ऐकताना घास अडकतो. 'चिको' मात्र निव्वळ मौज आहे.

दुसरं टोक गोरेगावात, फिल्मिस्तानमध्ये. 'समाधी'चे दिग्दर्शक रमेश सैगल, नायक अशोककुमार, विषय आझाद हिंद सेना. लाल किल्ल्यातल्या खटल्यांना पाच वर्षंही झाली नव्हती, तेव्हा सिनेमा धो धो चालला यात नवल नाही. नलिनी जयवंत आणि कुलदीप कौर या दोघी त्यात बहिणी आहेत, इंग्रजांसाठी हेरगिरी करणाऱ्या. 'गोरे गोरे' त्यांच्यावरच चित्रित झालंय. त्याच सिनेमात 'कदम कदम बढाये जा'सुद्धा आहे. म्हणजे एकाच संगीतकाराने एकीकडे फौजेचं कूचगीत सांभाळलं आणि दुसरीकडे, रोज गल्लीत ये म्हणणारी ही लाडिक कटकट.

हा संगीतकार म्हणजे आपले अण्णा : रामचंद्र नरहर चितळकर, जन्म १९१८, पुणतांबे. विनायकबुवा पटवर्धनांकडे शिकलेले, पुढे नागपुरात शंकरराव सप्रे यांच्याकडे. मिनर्व्हा मूव्हीटोनमध्ये पेटी वाजवत होते. १९४७च्या 'शहनाई'तल्या 'आना मेरी जान संडे के संडे'त त्यांनी शिट्टी घेतली आणि स्वतः चितळकर या नावाने गायले. १९५१च्या 'अलबेला'त 'शोला जो भडके'साठी बोंगो, ओबो, ट्रंपेट, क्लॅरिनेट, सॅक्स असा फौजफाटा. 'समाधी' या दोहोंच्या मध्ये येतो. ही वाद्यं वाजवणारी माणसं बहुतेक गोव्याची होती. हॉटेलांच्या बँडमध्ये रात्री वाजवायचं, दिवसा स्टुडिओत यायचं. हळदोण्याचा आंतोनियो शाविएर वाझ, म्हणजे चिक चॉकलेट, अण्णांबरोबर काम करत होता आणि 'अलबेला'त तो बँडसकट पडद्यावरही दिसतो. परदेशी रेकॉर्ड या मंडळींच्या कानाखालून आधी जायच्या, मग रेकॉर्डिंगला पोचायच्या.

चाल उचललेली आहे का? मुखडा, हो, सरळ सरळ. दोन्ही एकापाठोपाठ लावले की वाद संपतो. पण माझ्या कानाला अंतऱ्यात अण्णा आपल्या वाटेने जातात, आणि दोन बायकांच्या आवाजातली 'गोरे गोरे'ला 'गोरी गोरी'ने दिलेली जी जुगलबंदी आहे ती मिरांडाकडे नाही. लता तेव्हा विशीची, नुकतीच 'आयेगा आनेवाला'ने घराघरांत पोचलेली. अमीरबाई आधीच्या पिढीच्या, 'किस्मत'च्या (१९४३) काळात त्यांचं राज्य होतं. एक आवाज चढतोय आणि एक उतरतोय, आणि दोघी एका मायक्रोफोनच्या जमान्यात एकाच गाण्यात भेटल्यात. मला या गाण्याचं सगळ्यात मोल याचं वाटतं.

ओळ इथेही थांबत नाही. १९५१मध्ये एव्हीएमच्या 'ओर इरवु' या तमिळ सिनेमात 'अय्या सामी' आलं, याच चालीवर. कथा सी. एन. अण्णादुराईंची. तर प्रवास असा : बॉस्टनच्या माणसाची चाल, मग मुंबई, मग मद्रास, सगळा सहा वर्षांत आणि बहुतेक लाखेच्या तबकड्यांवरून. ती लाख आपल्याकडच्याच जंगलातली. कोलकात्याजवळच्या डमडमच्या कारखान्यात रेकॉर्ड दाबल्या जायच्या आणि बाकीच्या जगाने ७८ सोडून दिली तरी भारतात ती साठच्या दशकात चांगली खपत होती. म्हणून आपल्याकडच्या माळ्यांवर त्या अजून सापडतात.

३ ऑगस्ट : ४५वर वाजवून ७८ करणे

बरोबर सुई आली. फरक पहिल्याच फेरीत कळतो, शब्द समोर येतात.

टर्नटेबलला ७८ नसेल तर ४५वर वाजवून सॉफ्टवेअरमध्ये वेग वाढवतात, १.७३३ पट. ऑडॅसिटीत वेग बदलायच्या खिडकीत ४५ वरून ७८ अशी थेट निवड आहे. इथपर्यंत सगळे सांगतात. पुढचं कोणी सांगत नाही आणि मी त्यातच अडकलो.

केल्यावर आवाज गाडग्यात तोंड घालून गायल्यासारखा, वर बास सगळीकडे पसरलेला. कारण प्रीअँप. त्यात आर.आय.ए.ए. वक्र बसवलेला असतो (रेकॉर्ड बनवताना उचललेले वरचे स्वर वाजवताना कापणारा आणि दाबलेला बास उचलणारा ठरलेला हिशेब), जो १९५४पासून रूढ झाला. तो १० किलोहर्ट्झला जवळजवळ १४ डेसिबल कापतो. १९५०ची ७८ या हिशेबाने बनवलेलीच नाही. आणि वर मी ती ४५वर वाजवतोय, म्हणजे गाण्यातला १,००० हर्ट्झचा स्वर प्रीअँपमधून जाताना ५७७ हर्ट्झ असतो. वक्र भलत्याच जागी लागतो.

दुरुस्ती, याच क्रमाने : आधी आर.आय.ए.ए. उलटा लावून तो पुसून टाकायचा (फिल्टर कर्व्हमध्ये इन्व्हर्टचं बटण आहे), मग वेग वाढवायचा, मग ७८चा वक्र. मी २५० हर्ट्झच्या खाली बास उचलला, वरचा भाग सपाट ठेवला. क्रम उलटा झाला तर कितीही इक्वलायझर फिरवा, घोडं तिथेच पेंड खातं.

आणखी एक : ४५वर मोटरची जी घरघर ३० हर्ट्झला असते ती वेग वाढवल्यावर ५२ला जाऊन बसते, म्हणजे ऐकू यायला लागते. ८० हर्ट्झच्या खाली सरळ कापलं. या रेकॉर्डवर त्याच्याखाली गाण्यासारखं फारसं काही नाही.

उतरवताना ९६ किलोहर्ट्झ, २४ बिट. पातळी शिखराला उणे ६ डेसिबलच्या वर जाऊ द्यायची नाही, कारण टवक्याचा ठोका गाण्याच्या दुप्पट मोठा असतो.

९ ऑगस्ट : पट्टी

वेग ७८ म्हणजे नक्की किती? विजेच्या ५० हर्ट्झवर स्ट्रोबची (दिव्याखाली वेग तपासायची) चकती ७७ रेघांची असते आणि ती ७७.९२ दाखवते, ६० हर्ट्झवर ९२ रेघा आणि ७८.२६. हा फरक नगण्य आहे. पण तबकडी कापणाऱ्या यंत्राचा वेग काय होता हे तबकडीवर लिहिलेलं नसतं.

सिनेमाच्या प्रतीशी ताडून बघू म्हटलं. माझ्याकडची प्रत रेकॉर्डपेक्षा चढी निघाली, एका पट्टीच्या पाऊण हिश्श्याला जरा कमी. संध्याकाळभर रेकॉर्डचाच वेग वाढवत बसलो, आणि लताबाई अगदी पोरगेल्या वाटायला लागल्या तेव्हा हात थांबला.

दोष सिनेमाच्या प्रतीचा. आपल्याकडे टीव्ही आणि काही डीव्हीडींसाठी सेकंदाला २४ चौकटींचा सिनेमा २५ने पळवतात. सगळं ४ टक्क्यांनी चढं होतं, स्वरही. अशा प्रतीवरून पट्टी ठरवायची नाही.

मग कशावरून? फुंकवाद्यांवरून. क्लॅरिनेट, ट्रंपेट तंबोऱ्यासारखी मनाप्रमाणे हव्या त्या पट्टीत लावता येत नाहीत, त्यांचा 'ए' स्वर ४४० हर्ट्झच्या आसपासच असतो. सुरुवातीच्या संगीताच्या तुकड्यावर ट्यूनर धरला आणि वेग अर्ध्या अर्ध्या टक्क्याने हलवला. काटा ७८च्या अगदी जवळच बसला. म्हणजे मुळात हात लावायची गरजच नव्हती, पण आता ते ठाऊक आहे.

१५ ऑगस्ट

लांब ओढलेल्या स्वरांत हेलकावा. भोक मध्यावर नाही. रेकॉर्ड फिरताना टोनआर्म, म्हणजे सुई धरणारा दांडा, आत-बाहेर डुलताना नुसत्या डोळ्यांनी दिसतो. भोक कानसणारे लोक आहेत, माझी छाती झाली नाही. हे भोक जरा सैल होतंच, म्हणून खुंटीच्या एका बाजूला कागदाची घडी सरकवून रेकॉर्ड उलट्या बाजूला ढकलली आणि टोनआर्म स्थिर होईपर्यंत घडी जाड-बारीक केली. हेलकावा गेला. संपूर्ण नाही, पण कोरसमध्ये आता झुलल्यासारखं होत नाही.

पुन्हा सगळं उतरवलं. आधीचं पुसून टाकलं.

१७ ऑगस्ट : दोन भिंती

कार्ट्रिज स्टिरिओ आहे, रेकॉर्ड मोनो. डावा आणि उजवा कान म्हणजे चराच्या दोन भिंती. बहुतेक जण दोन्ही मिसळून मोनो करतात, त्याने सुईच्या वरखाली उड्यांचा आवाज कटतो. ते करण्याआधी दोन्ही वेगवेगळे ऐकावेत. माझ्या रेकॉर्डची एक भिंत स्पष्ट जास्त झिजलेली आहे, जुन्या ग्रामोफोनच्या कोणत्या तरी जड साउंडबॉक्सने (पिन धरणाऱ्या डोक्याने) एका अंगाला रेलून खाल्लेली. मुखड्यापाशी फक्त चांगली भिंत घेतली, बाकी ठिकाणी मिसळ.

मोठमोठी संग्रहालयंही याच्याशी झगडतात. इंटरनेट आर्काइव्ह या डिजिटल संग्रहालयाच्या ग्रेट ७८ प्रोजेक्टमध्ये एकाच तबकडीवर वेगवेगळ्या आकारांच्या चार सुया एकदम चालवून चार मुद्रणं घेतात आणि मग निवडतात. आपल्याकडे एक सुई, एक भिंत.

२३ ऑगस्ट : टिकटिक

टिकटिक काढणं वक्र लावायच्या आधी, मोनो करायच्या आधी. तेव्हा ठोके टोकदार असतात आणि सॉफ्टवेअरला ओळखू येतात. ऑडॅसिटीचं क्लिक रिमूव्हल हलक्या हाताने एकदा फिरवलं. जोरात फिरवलं तर ते तालवाद्याच्या चपाट्यालाही टिकटिक समजतं आणि गिळतं. ठेकाच या गाण्याचा जीव, त्यामुळे तपासायला सोपं : ठेका लंगडला की मागे या.

टवक्याचा ठोका हाताने काढला. ७८वर तो दर ०.७७ सेकंदाला येतो, म्हणजे एकदा पहिला सापडला की पुढचा कुठे असणार ते मोजून ठेवता येतं. रिपेअर हे अवजार एका वेळी १२८ नमुन्यांपुरतंच चालतं, ९६ किलोहर्ट्झवर जेमतेम १.३ मिलिसेकंद. टवक्याचा घाव त्याहून लांब. तो तुकड्या तुकड्यांनी बुजवला आणि जिथे जमलं नाही तिथे तीच जागा दुसऱ्या भिंतीवरून उचलून चिकटवली. कंटाळवाणं काम आहे. चहा लागतो.

२४ ऑगस्ट : खरखर, आणि इथे मी अडून बसलो

गाणं सुरू होण्याआधीच्या रिकाम्या चरातून खरखरीचा नमुना घेतला आणि नॉइज रिडक्शन २४ डेसिबलवर लावलं. काय शांतता! घरातले म्हणाले, आता सीडीसारखं झालं. मलाही दहा मिनिटं तसंच वाटलं.

मग हेडफोन लावून मुखडा ऐकला. 'छोरे'चा 'छ' गेला होता. बाई 'बांके तोरे' म्हणत होत्या. 'छ', 'स', 'श' यांची ताकद ४ किलोहर्ट्झच्या वर असते आणि लाखेची खरखरही नेमकी तिथेच पसरलेली असते. सॉफ्टवेअरला दोघांत फरक करता येत नाही. जे हळू आणि वर आहे ते सगळं खरखर. 'छ'बरोबर तालवाद्यांचा वरचा किनारा गेला, कोरसमधल्या बायका एकमेकींत विरघळल्या आणि दोन गायिकांमधलं अंतर कमी झालं. अमीरबाईंच्या आवाजात एक दाणेदार पोत आहे, तो लताबाईंच्या आवाजासारखाच गुळगुळीत झाला. ज्यासाठी हे गाणं निवडलं तेच धुऊन निघालं.

१२ डेसिबलवर 'छ' अर्धा आला. ६वर पूर्ण आला, पण कोरसच्या शेपटाला पाण्याखाली बुडबुडे फुटल्यासारखा आवाज राहिला. ४वर तोही गेला. ४ ठेवलं. खरखर आहे, ऐकू येते, आणि तीस सेकंदांत कान तिला विसरतो. 'तोरे' मात्र कान विसरत नाही.

नंतर हाच निकष मी बाजारातल्या 'स्वच्छ' केलेल्या जुन्या गाण्यांना लावून बघायला लागलो आहे. नावं घेत नाही. पण 'च', 'छ', 'स' असलेला शब्द शोधा आणि तो ओठावर फुटतो का ते ऐका. फुटत नसेल तर कोणीतरी खरखरीबरोबर गाणंही खरवडलंय.

३० ऑगस्ट : ओळ लावणे

बैठकीसाठी क्रम : मिरांडा (सिनेमातलं), रॉसचा बँड, मग 'गोरे गोरे' सिनेमातलं (४ टक्के उतरवून), मग आमची लाख, शेवटी 'अय्या सामी'. सगळ्यांची पातळी कानाने जुळवली. आकड्याने जुळवली तर लाखेची रेकॉर्ड उगाच लहान वाटते, कारण खरखर आकड्यात धरली जाते.

मधे 'संडे के संडे' घालायचा मोह आवरला. तो वेगळा दिवस.

६ सप्टेंबर : नेटवर टाकायचं का

एका भाचीने विचारलं, "मामा, अपलोड का नाही करत?" बघितलं. आपल्या कायद्यात ध्वनिमुद्रणाला प्रकाशनाच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं संरक्षण. १९५०चं मुद्रण २०१०च्या अखेरीला त्यातून सुटलं. पण शब्द आणि चाल या वेगळ्या कृती आहेत, त्यांना कर्त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षं. अण्णा १९८२मध्ये गेले, राजेंद्र कृष्ण १९८७मध्ये. म्हणजे अजून बराच काळ बाकी आहे. फाइल घरात राहील आणि कट्ट्यावर वाजेल. तुमच्या पेटीतल्या गाण्यांना हाच हिशेब लावून बघा, मुद्रण सुटलं म्हणजे गाणं सुटलं असं नाही.

१३ सप्टेंबर : कट्टा

हॉलमधला स्पीकर सोसायटीचा, गणपतीतल्या घोषणांचा. त्यातून २४ डेसिबलवालं आणि ४ डेसिबलवालं दोन्ही लावून बघितलं तर काडीचाही फरक नाही. तो ४ किलोहर्ट्झच्या वर काही बोलतच नसावा. महिनाभराचं काम तिथेच पाण्यात जायचं. धावत घरी जाऊन स्वतःचे दोन छोटे स्पीकर आणले, टेबलावर ठेवले आणि खुर्च्या जवळ ओढायला सांगितल्या. दिवाणखान्याएवढ्या गर्दीला ते पुरतात, लांबच्यांना नाही.

मिरांडावर लोक हसले. तिसऱ्या नंबरला 'गोरे गोरे' सुरू झालं तेव्हा पहिल्या ओळीत दोन आज्या मान डोलवायला लागल्या. लाखेची लावली तर खरखर ऐकून एक काका म्हणाले, "अहो, ही जरा साफ करायची ना." हातात धुतलेली फाइल होतीच, तीही वाजवली. काकांना तीच आवडली. तळमजल्यावरच्या काकूंना लाखेचीच, "हिच्यात अमीरबाई ओळखू येतात" म्हणाल्या. हात वर करायला सांगितले तर धुतलेलीला थोडे जास्तच हात पडले. मी आपली ४ डेसिबलवालीच ठेवणार आहे.

'अय्या सामी'ला सगळ्यात मोठी दाद. कोणालाच ते माहीत नव्हतं. माटुंग्यात वाढलेले एक आजोबा मात्र शब्दांसकट म्हणाले.

खर्च : सुई ४,८००, परत पाठवण्याचं कुरिअर १५०, डिस्टिल्ड पाणी, ब्रश आणि नवे लिफाफे मिळून ३५० रुपये. सॉफ्टवेअर फुकट. टर्नटेबल आधीचा. सुईवर आता पेटीतल्या बाकीच्या शाबूत रेकॉर्डही निघतील, त्यामुळे तो खर्च एका गाण्यावर टाकत नाही.

१४ सप्टेंबर

काकूंच्या माहेरी 'शहनाई'ची आहे म्हणे, पण मधून तडकलेली. तडा चराला आडवा असेल आणि तुकडा हललेला नसेल तर मागून कागदी पट्टी चिकटवून एकदा वाजवता येते. आधी फोटो मागवलाय.